देवांना आवतण देणारे

बसवकल्याण तालुक्यातलं मुडबी हे बीदर जिल्ह्याचं गाव कलबुर्गीच्या हद्दीला टेकलेलं आहे. या पट्ट्यात जमिनीचा पहाणी उतारा कन्नडमध्ये निघतो, बाजारात दखनी चालते आणि कित्येक घरांची कुलदेवी असते तुळजापुरात. १९५६ साली हैदराबाद राज्याची वाटणी झाली, तेव्हा बीदर म्हैसूर राज्यात गेलं आणि तुळजापूर मुंबई राज्यात. कुळाचाराची वाटणी मात्र कुणाला करता आली नाही. घरात लग्न पार पडलं की देवीचा गोंधळ घालायचा, ही रीत सीमेच्या दोन्ही अंगांना आहे. तो घालायला गोंधळीच लागतात.

गोंधळी म्हणजे देवीचे फिरते उपासक. त्यांच्यात दोन शाखा आहेत: माहूरच्या रेणुकेचे रेणुराई आणि तुळजापूरच्या भवानीचे कदमराई. गोंधळ्याच्या घरी जन्मलं म्हणून भागत नाही, गळ्यात कवड्यांची माळ पडावी लागते. पंथाची जन्मकथाही त्यांच्याजवळ तयार असते. परशुरामाने बेटासुराला मारलं, त्याच्या शिराचं वाद्य केलं आणि ते वाजवत तो आपल्या आईपुढे, रेणुकेपुढे उभा राहिला. तो पहिला गोंधळ.

गोंधळाला मंच लागत नाही, लागतो तो चौक. पाटावर नवं वस्त्र अंथरायचं, त्यावर धान्याची रास, राशीवर कलश, कलशात विड्याची पानं आणि वर नारळ. भोवती उसाची नाहीतर जोंधळ्याची ताटं उभी करून त्यांचे शेंडे एकत्र बांधायचे. तेलाने भिजलेली दिवटी पेटली की संबळ सुरू होतो. कमरेला बांधलेली ही दोन तोंडांची जोडी. एक तोंड खर्जात बोलतं, दुसरं चढ्या आवाजात. तो वाजवायच्या काडीचं, टिपरूचं, टोक वाकडं असतं, त्यामुळे चामड्यावर घाव न बसता चटका बसतो. जोडीला तुणतुणं आणि झांज.

पूर्वरंगात आवतण असतं. तुळजापूरची भवानी, माहूरची रेणुका, कोल्हापूरची अंबाबाई, जेजुरीचा खंडोबा, पंढरीचा विठोबा अशा एकेका देवाला त्याच्या गावासकट हाक मारून गोंधळाला बोलवायचं. शेवटी यजमानाच्या गावचे देवही येतात. कुणी राहून गेला तर रुसेल, म्हणून यादी लांबते. ऐकणारा जागचा हलत नाही. त्याच्यापुढून मात्र अख्खा मुलूख फिरून जातो.

उत्तररंगात आख्यान लागतं आणि गोंधळ्यांचा नायक पुराणात शिरतो. तो कथा सांगू लागला की साथीदार मुद्दाम खुळ्यासारखे प्रश्न विचारतो, मधेच गावातली भानगड घुसडतो आणि पांडवांना सोयाबीनचा भाव विचारायलाही कचरत नाही. जांभूळ आख्यान हे या खजिन्यातलं नामांकित. तोडलेलं जांभूळ पुन्हा देठाला लागावं म्हणून प्रत्येकाने मनातलं खरं सांगायचं असतं, आणि कर्णाला पाहून आपलं मन डळमळलं होतं हे द्रौपदीला कबूल करावं लागतं. व्यासांच्या महाभारतात हा प्रसंग नाही. परभणीचे राजारामबापू कदम आणि शाहीर विठ्ठल उमप यांनी तो रंगमंचावर गाजवला. पण नव्या नवरानवरीला समोर बसवून हीच कथा सांगायची हिंमत मूळची चौकातली आहे.

या मंडळींची एक विद्या खास त्यांचीच, करपल्लवी. एक गोंधळी बाजूला उभा राहतो. दुसरा प्रेक्षकांतल्या कुणाच्या कानी लागून नाव विचारून घेतो आणि अक्षरांच्या खुणा बोटांनी जोडीदारापर्यंत पोचवतो. डोळ्यांच्या हालचालींवर चालते ती नेत्रपल्लवी. शिवकाळात ही विद्या हेरगिरीला उपयोगी पडली, असं परंपरा सांगते. अफझलखानाच्या वधाचा पोवाडा रचणारा अज्ञानदासही गोंधळीच मानला जातो.

मुडबीच्या तालुक्याचं ठाणं बसवकल्याण म्हणजेच चालुक्यांची राजधानी कल्याणी. तेराव्या शतकात काकतीयांच्या पदरी असलेल्या जाय सेनापतीने ‘नृत्तरत्नावली’त कल्याणातली एक हकिकत दिली आहे: भूतमातेच्या उत्सवात भिल्लिणीच्या वेशातल्या बाईचा नाच पाहून राजा सोमेश्वराने ‘गोंडली’ नृत्याला रूप दिलं. आजच्या गोंधळाचं मूळ अभ्यासक त्या नाचात शोधतात. ते नातं मान्य केलं तर गोंधळ हा परमुलखातून आलेला पाहुणा नाही, मुळात इथलाच आहे.

कर्नाटकात गोंधळी कन्नडमध्येही गातात. बागलकोटचे वेंकप्पा अंबाजी सुगतेकर यांना २०२५ साली पद्मश्री जाहीर झाली ती याच गायनासाठी. देवी तीच, संबळ तोच. समोरच्या घराची भाषा ओळखून कथा वळवली जाते.

गोंधळ इतकी शतकं टिकला तो लोकांना कलेची आवड होती म्हणून नव्हे. तो देवीचं देणं होता. लग्नानंतर देणं फेडलं नाही तर घराला दोष लागेल, या धाकाने गरिबानेही गोंधळ्याला शिधा आणि बिदागी दिली. त्या धाकाच्या आधाराने द्रौपदी, परशुराम आणि गावोगावचे देव घरोघरी फिरत राहिले. आता देणं फिटतं, पण तासाभरात. लग्न मंगल कार्यालयात, रात्री दहाला आवाज बंद, म्हणून आवतण आणि आरती ठेवून आख्यानाला कात्री लागते. शहरातल्या महोत्सवात उलटं घडतं. आख्यान साग्रसंगीत होतं, पण तिथे धान्याची रास नसते, ज्याच्या नावाने गोंधळ मांडलाय ते घरही नसतं. एका ठिकाणी विधी शिल्लक, दुसऱ्या ठिकाणी कथा. दोन्ही एकत्र हवे असतील तर अजूनही रात्र जागवायला तयार असलेला यजमानच गाठावा लागतो.