गच्चीवरचा काळ

काळाला बांधून ठेवणारे महाकाय मनोरे विज्ञानकथांत असतात. काशीत ते दशाश्वमेधाशेजारच्या मानमंदिर घाटावर, चक्क वाड्याच्या गच्चीत आहेत. वाडा अंबरच्या राजा मानसिंहाचा. त्यावर सुमारे १७३७ साली सवाई जयसिंहाने वेधशाळा उभारली. दिल्ली, जयपूर, उज्जैन आणि मथुरा इथल्या त्याच्या इतर वेधशाळांपैकी मथुरेची आज उरलेली नाही.

इथल्या सम्राट यंत्राची, म्हणजे सूर्यघड्याळाची, तिरकी भिंत जमिनीशी सुमारे २५ अंशांचा कोन करते. काशीचे अक्षांशही तेवढेच, त्यामुळे भिंतीची कड थेट ध्रुवाकडे रोखलेली. तिची सावली बाजूच्या कमानीवर तासाला १५ अंश सरकते. यंत्र सांगते ती सूर्याची वेळ. म्हणून नोव्हेंबरच्या आरंभी ते आपल्या घड्याळाच्या सुमारे १८ मिनिटे पुढे असते. चूक कोणाची, हे ज्याने त्याने ठरवावे!

या यंत्रांचे वर्णन लिहून ठेवणारे बापूदेव शास्त्री मराठी घरातले. काशीच्या संस्कृत पाठशाळेत ते गणित-ज्योतिष शिकवत. ‘सूर्यसिद्धान्ता’चे इंग्रजी भाषांतरही त्यांचेच. घाटावरून आरतीला धावणारे बहुतेकजण मात्र वर बघतच नाहीत.