पिशवीभर चित्रफिती

चित्रपट म्हटला की नटनट्या आणि गाणी एवढेच आपल्या डोळ्यांपुढे येते. परंतु कोठेतरी अडगळीत पडून राहिलेल्या जुन्या चित्रफितींतून नवी कृती निर्माण करणारेही कलावंत आहेत. १९८६ साली जन्मलेल्या गॅरेट ब्रॅडली या कृष्णवर्णीय अमेरिकन दिग्दर्शिका त्यांपैकीच एक होत.

अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयाने २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार तेथील पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी शेकडा ७० कायमचे नाहीसे झाले आहेत. बर्ट विल्यम्स या विख्यात कृष्णवर्णीय नटाला घेऊन १९१३ साली चित्रित केलेला एक मूकपट मात्र, अपुरा का होईना, न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात शिल्लक राहिला. जत्रेतील फिरत्या घोड्यांवर बसून हसणारी कृष्णवर्णीय माणसे त्यात दिसतात. त्यातील तुकडे आणि स्वतः चित्रित केलेले प्रसंग एकत्र गुंफून ब्रॅडलीबाईंनी २०१९ साली ‘अमेरिका’ हा लघुपट सिद्ध केला.

परंतु आमच्या मते त्यांची खरी थोर कृती ‘टाइम’ हा २०२० सालचा अनुबोधपट होय. लुइझियाना राज्यातील फॉक्स रिच आणि त्यांचे पती रॉब यांनी १९९७ साली, पैशाच्या विवंचनेत सापडून, दरोड्याचा प्रयत्न केला. गुन्हा घडला होता, आणि चित्रपट तो लपवीत नाही. फॉक्सबाई साडेतीन वर्षे तुरुंगात राहून सुटल्या. रॉब यांना मात्र ६० वर्षांची शिक्षा झाली. घरी सहा मुलगे! त्या माउलीने मुले वाढविली, पतीच्या सुटकेसाठी कचेऱ्यांचे उंबरठे झिजविले, आणि एका लहानशा कॅमेऱ्याने घरातील दिवस टिपून ठेवले. शाळेचा पहिला दिवस, मोटारीतील गप्पा, मुलांचे खेळ. जे बापाला पाहता येत नव्हते, ते सारे त्या फितींत आहे.

ब्रॅडलीबाई या कुटुंबावर केवळ एक लघुपट करणार होत्या. चित्रीकरणाच्या अखेरच्या दिवशी फॉक्सबाईंनी एक पिशवी त्यांच्या हाती ठेवली. तीत सुमारे १०० तासांच्या घरगुती फिती होत्या! मग तो लघुपट राहिलाच नाही. जुने आणि नवे चित्रण सारखे दिसावे म्हणून सर्वच कृष्णधवल ठेवले गेले. खटल्याची कायदेशीर बाजू थोडी अधिक उलगडावयास हवी होती, असे कोणास वाटेल. पण दिग्दर्शिकेचे लक्ष न्यायालयाकडे नसून घरातील रिकाम्या खुर्चीकडे आहे. या कृतीबद्दल त्यांना सनडान्स महोत्सवात अमेरिकन अनुबोधपट विभागातील दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले. तो मान मिळविणाऱ्या त्या पहिल्याच कृष्णवर्णीय स्त्री ठरल्या.

चित्रपटात पियानोचे जे सूर ऐकू येतात, ते एमाहॉय त्सेगे-मरियम गेब्रू या इथिओपियन जोगिणीचे आहेत. जेरुसलेमच्या मठात अनेक वर्षे राहिलेल्या या धर्मभगिनी २०२३ साली वयाच्या ९९व्या वर्षी निवर्तल्या.

रॉब २०१८ साली, २१ वर्षांनी, घरी परतले. त्यानंतर ब्रॅडलीबाईंनी जुन्या फिती उलट्या फिरविल्या आहेत. मोठी झालेली मुले पाहता पाहता लहान होतात, आणि ते जोडपे पुन्हा तरुण होऊन एकमेकांजवळ येते.