थोडक्या द्रव्यांत चित्रपट

मालेगांवास आगगाडी नाहीं. प्रवासी मनमाडास उतरून मोटारीनें तेथें जातो व यंत्रमागांचा खडखडाट ऐकतो. ह्या गांवीं व्हिडिओगृह चालविणाऱ्या नासिर शेख ह्यांनीं सन २००० मध्यें सुमारें ५० हजार रुपयांत ‘मालेगांव के शोले’ हा विनोदी चित्रपट काढला. डाकूंच्या घोड्यांऐवजीं सायकली आल्या. दोन व्हिडिओयंत्रें जोडून दृश्यांची जुळणी झाली. नट गांवचेच. ‘मालेगांव का सुपरमॅन’चे नायक शफीक शेख हे मागावरील कामगार, पुढें कर्करोगानें त्यांचें निधन झालें. ह्याच मंडळीच्या उद्योगावर २०२४ सालीं मुंबईकरांनीं मोठा चित्रपट रचला. त्र्यंबकेश्वरीं जन्मलेल्या फाळक्यांनींही भांडवलासाठीं पत्नीचे दागिने गहाण टाकले होते. दोघांचा जिल्हा एक, अडचण एक, आणि उपायही एकच: हातीं असेल त्यानें आरंभ करणें.