कारखाना सुटतो तेव्हा

भोसरीच्या एम.आय.डी.सी.त पाळी सुटताना तुम्ही कधी फाटकासमोर उभे राहिला आहात? माणसे, दुचाक्या, डब्यांच्या पिशव्या, चहाच्या टपरीकडे वळणारे घोळके. यात पाहण्यासारखे ते काय, असे कुणीही म्हणेल. परंतु सिनेमाच्या अगदी पहिल्या दृश्यांपैकी एक हेच होय. फ्रान्समधील ल्युमिए बंधूंनी १८९५ साली आपल्याच कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार टिपले. हाताने फिरवायच्या त्या यंत्रात सुमारे १७ मीटरच फिल्म मावे, त्यामुळे सारा खेळ अवघ्या ५० सेकंदांचा! ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात जी सहा दृश्ये दाखविली गेली, त्यांत हेही होते.

लवकरच मराठी माणसाने कॅमेरा हाती घेतला. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी तो विलायतेहून मागविला आणि १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. पुढे माकडांना शिकविणारा माणूस टिपला. १९०१ मध्ये केंब्रिज गाजवून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचे स्वागतही.

आपल्या भागातलेही एक उदाहरण आहे. दादासाहेब फाळक्यांनी तळेगावच्या पैसा फंड काच कारखान्यावर लघुपट काढला होता. चाकणहून तळेगाव ते किती दूर! लोकांच्या एकेक पैशाच्या वर्गणीतून १९०८ साली उभा राहिलेला हा कारखाना. भट्टीपुढे काच फुंकणारी माणसे पडद्यावर कशी दिसली असतील, याचे मला फार कुतूहल आहे.

ते शमण्याची आशा नाही. सावेदादांची दृश्ये गेली, तळेगावचा पटही आज पाहायला मिळत नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची. चटकन पेट घेणारी, नुसती ठेवली तरी कुजणारी. शिवाय तीतली चांदी काढण्यासाठी जुनी रिळे विकली जात. 'राजा हरिश्चंद्रा'चा काही भाग तरी उरला. माझ्या मते खरा तोटा कुस्तीचा आणि काचकामाचा झाला. हरिश्चंद्राची कथा पुन्हा पडद्यावर आणता येते, आणलीही गेली. १८९९ सालचा मुंबईकर कुठून आणणार?

माझे आजोबा पिंपरीच्या एका कारखान्यात तीस वर्षे होते. तिथला त्यांचा एकच फोटो घरी आहे, निरोपसमारंभाचा, गळ्यात हार घातलेला. गेल्या महिन्यात मी भोसरीच्या रस्त्यावर उभे राहून मोबाईलवर ५० सेकंद पाळी सुटताना टिपली आणि ल्युमिएंच्या पटापाठोपाठ त्यांना दाखविली. ल्युमिएंचे काही कामगार सायकलीवरून बाहेर पडतात. आजोबांनी तो पट दोनदा पाहिला.

"हे आमचंच की," ते म्हणाले. "तुझ्यात सायकली कुठं आहेत?"