समेट झाला म्हणजे खटला संपला काय?

जांभूळ गावापासून अंबरनाथ-बदलापुरापर्यंत कोठेही बांधाच्या वादातून वा सोयरिकीतून उद्भवलेल्या कज्ज्याची बोलणी निघाली की एक वाक्य हटकून कानी पडते: ‘मांडवली झाली, आता केस मागे घेतली की मिटलं.’ मुद्रांकावर तडजोडनामा लिहून, त्यावर नोटरीचा शिक्का घेऊन व प्रत पोलीस ठाण्यात देऊन निर्धास्त झालेला आरोपी जेव्हा तारखेस गैरहजर राहतो आणि त्याच्या नावे वॉरंट निघते, तेव्हा ऐकीव सल्ल्याची किंमत त्याला कळते. इतक्यांदा हे घडूनही तोच सल्ला पुन्हा छातीठोकपणे दिला जावा, याचा संताप येतो.

वस्तुस्थिती अशी की, पोलिसांत नोंदलेल्या गुन्ह्याचा फौजदारी खटला शासन चालवते. फिर्यादी हा खबर देणारा आणि साक्षीदार असतो. म्हणून दाखल झालेला गुन्हा मागे घेण्याचा अखत्यार ना त्याला असतो, ना ठाणे अंमलदाराला. समेटाच्या आधारे असा खटला संपण्याचे मुख्य मार्ग दोन. साधी दुखापत, बदनामी, अनधिकार प्रवेश यांसारखे जे गुन्हे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 359 मध्ये, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 320 मध्ये, तडजोडयोग्य म्हणून नमूद आहेत, ते खटला चालवणाऱ्या न्यायालयातच मिटतात. फसवणुकीसारख्या काहींना न्यायालयाची परवानगी लागते, आणि अशा तडजोडीचा परिणाम निर्दोष मुक्ततेचा होतो. पत्नीच्या छळासारखा जो गुन्हा त्या यादीत नाही, त्यासाठी मात्र उच्च न्यायालयात कलम 528 खाली, पूर्वीच्या कलम 482 खाली, अर्ज करावा लागतो.

तेथेही समेट हा हक्क नव्हे, केवळ विनंतीचा आधार होय. ग्यानसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2012 साली स्पष्ट केले की, व्यापारी, कौटुंबिक वा प्रामुख्याने दिवाणी स्वरूपाचा वाद असेल तर कार्यवाही रद्द करता येईल. खून, बलात्कार, दरोडा ही मात्र समाजाविरुद्धची कृत्ये असल्याने समेट झाला तरी त्यांची कार्यवाही एरवी रद्द होत नाही. जळगाव जिल्ह्यातील मेहुणबारे ठाण्याच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने नाकारलेली कार्यवाही रद्द करण्याची विनंती सर्वोच्च न्यायालयाने जुलै 2025 मध्ये बलात्काराचा आरोप असूनही मान्य केली खरी. परंतु ती त्या प्रकरणातील असाधारण परिस्थितीमुळे, असे निकालातच बजावले आहे. अपवादाला नियम समजून पीडितेवर समेटाचे दडपण आणणे हा घोर अन्याय आहे.

आता किरकोळ गैरसमज. लोकअदालतीत कोणताही गुन्हा मिटतो? नाही, तडजोडयोग्य नसलेल्या गुन्ह्यांवर 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने तिला अधिकारच दिलेला नाही. 2007 च्या तंटामुक्त गाव मोहिमेतील समितीसमोर समेट झाला की पुरे? नाही; दाखल खटल्यात न्यायालयाचा आदेश लागतोच. फिर्यादी फिरला की शिक्षा टळते? नाही, इतर पुरावा पुरेसा असल्यास शिक्षा होऊ शकते. धनादेश न वटल्याचा खटला मिटत नाही? मिटतो, मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या 2010 च्या निकालानुसार उशीर होईल तसा खर्चाचा भार वाढतो.

समेट अवश्य करावा. परंतु न्यायालयाच्या आदेशाची सहीशिक्क्याची नक्कल हाती येईपर्यंत एकही तारीख चुकवू नये.