फ्रांका पोटेंटे : पडद्यावर आणि गाण्यातही

जन्म : २२ जुलै १९७४, म्युन्स्टर (तेव्हाचा पश्चिम जर्मनी). अभिनयाचं शिक्षण म्युनिकमध्ये. पहिला चित्रपट १९९५ साली.

'लोला रेन्ट' (१९९८) : दिग्दर्शक टॉम टिकवर. प्रियकराचा जीव वाचवायला लोलाला (फ्रांका) २० मिनिटांत एक लाख मार्क उभे करायचेत. ती बर्लिनच्या रस्त्यांवरून धावत सुटते. तीच धाव तीनदा, शेवट तीन. केसांचा लाल रंग पाण्याने उतरणारा, त्यामुळे चित्रीकरण चालू असेपर्यंत डोक्यावरून अंघोळ बंद!

आवाज : धावण्यामागच्या टेक्नो संगीतात गाणारी तीच. 'विश' हे गाणं रॅपर थॉमस डीसोबत. त्याच्या व्हिडिओतही दोघं दिसतात.

गल्लत नको : बॉन जोव्हीच्या 'इट्स माय लाइफ' (२०००) या व्हिडिओतली धावपळ 'लोला'वरून सुचलेली. त्यात फ्रांका मात्र नाही.

हॉलिवूड : 'ब्लो' (२००१). 'द बॉर्न आयडेंटिटी'त (२००२) मॅट डेमनची नायिका मारी.

दिग्दर्शन : 'होम' (२०२०), पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट.

हिंदीत : 'लोला'चा रिमेक 'लूप लपेटा' (२०२२), धावणारी तापसी पन्नू.