विवादी स्वर कुठून येतो? टोल्किन यांच्या जगातलं आदिसंगीत

आज आपण ज्या संगीताबद्दल बोलणार आहोत ते कुणीच ऐकलेलं नाही. ते एका कल्पित जगाच्या आरंभी वाजलं आणि त्यातूनच ते जग झालं. इंग्रज लेखक जे. आर. आर. टोल्किन १९७३ साली वारले. त्यांच्या पौराणिक कथांचा 'द सिल्मरिलियन' हा ग्रंथ त्यांच्या मुलाने, ख्रिस्तोफर टोल्किन यांनी, १९७७ साली प्रसिद्ध केला. त्याचा पहिला भाग म्हणजे 'आयनुलिंदाले', आयनूर नावाच्या देवदूतांसारख्या शक्तींचं संगीत. जेमतेम दहा-बारा पानं आहेत, पण तत्त्वज्ञानाच्या माणसाला ती वर्षभर पुरतील.

विश्वाचा आणि संगीताचा संबंध जोडणारे टोल्किन काही पहिले नव्हेत. प्लेटोच्या 'रिपब्लिक'च्या अखेरीस आकाशातल्या आठ वर्तुळांवर एकेक सायरन उभी आहे, प्रत्येकीचा एकच स्वर, आणि आठांचा मिळून एक मेळ. आपल्याकडे तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकरा'त नादब्रह्माची उपासना सांगितली. पण गंमत बघा, या दोन्ही ठिकाणी कुणी बेसूर होत नाही. टोल्किन यांच्याकडे मात्र होतो.

कथा थोडक्यात अशी. एरू हा परमेश्वर आयनूरांना एक सुरावट देतो आणि ती आपापल्या बुद्धीने फुलवायला सांगतो. म्हणजे चीज दिली, विस्तार तुम्ही करा. सुरुवातीला सारं छान चालतं. मग मेल्कोर, सगळ्यांत सामर्थ्यवान, स्वतःच्या कल्पना त्यात घुसवू लागतो. शेजारचे गोंधळतात, काही जण तर त्याच्याच सुरात सूर मिसळतात. एरू दुसरी सुरावट सुरू करतो, तीही मेल्कोर झाकोळून टाकतो. मग तिसरी येते, आणि इथे थोडं थांबलं पाहिजे. ती सुरुवातीला अगदी हळुवार आहे, पण दाबली जात नाही. ती संथ आहे, खोल आहे, आणि तिचं सौंदर्य मुख्यतः तिच्यातल्या दुःखातून आलेलं आहे, असं टोल्किन स्पष्ट सांगतात. समोर मेल्कोरचा गोंगाट, दोन-चार स्वरांवर एकसुरी रेकणाऱ्या तुताऱ्यांसारखा. त्याचे सर्वांत विजयी स्वरही ही तिसरी सुरावट उचलून आपल्यात विणून घेते. शेवटी एरू दोन्ही हात उंचावतो आणि एका महास्वरमेळात सगळं थांबतं.

त्यानंतर तो मेल्कोरला बजावतो की, ज्याचं मूळ माझ्यात नाही अशी सुरावट कुणाला वाजवताच येणार नाही.

आता अडचण लक्षात येते का? मूळ जर त्याच्यातच, तर दोष कुणाचा?

आम्ही शिकवत असताना, अनिष्टाच्या समस्येवरच्या तासाला, लायब्निट्सचा दाखला दिला होता. रचनाकार मुद्दाम विसंवादी स्वर घालतो, त्यामुळे पुढचा मेळ अधिक गोड लागतो. आपल्याकडचे बुजुर्ग गवईसुद्धा विवादी स्वराला ओझरता स्पर्श करून राग खुलवतात, अशी पुस्तीही जोडली. मागच्या बाकावरचा एक विद्यार्थी उभा राहिला. त्याचा भाऊ त्याच वर्षी गेला होता. तो म्हणाला, "सर, गोड कुणाला लागतं? ऐकणाऱ्याला. माझा भाऊ तर ऐकायला बसला नव्हता, तोच तो स्वर होता." आम्ही काहीतरी पुस्तकी उत्तर दिलं. तो खाली बसला.

टोल्किनही कधी कधी लायब्निट्सच्या जवळ जातात, हे मान्य केलं पाहिजे. मेल्कोरने कडाक्याची थंडी निर्माण केली, तर त्यातून हिमकण आले, आणि पाण्याचा स्वामी उल्मो म्हणतो की, पाणी आपल्या कल्पनेहून सुंदर झालं. हे वाचायला रमणीय आहे, पण त्या विद्यार्थ्याला ते पुरलं नसतं.

आमच्या मते त्यांचं खरं म्हणणं दुसरीकडे आहे. एक तर तिसऱ्या सुरावटीतलं दुःख पुढे कुठे विरघळत नाही, ते शेवटपर्यंत दुःखच राहतं. आणि दुसरं असं की, एल्फ आणि माणूस, म्हणजे एरूची लेकरं, याच सुरावटीबरोबर आली आणि त्यांच्या कल्पनेत एकाही आयनूराचा वाटा नाही. त्यातही माणसाला एक वेगळं देणं आहे. इतर सगळ्यांना हे संगीत नियतीसारखं बांधून ठेवतं, माणूस मात्र त्याच्या पलीकडे जाऊन आपलं आयुष्य घडवू शकतो. लायब्निट्सच्या दाखल्यात माणूस रचनेतला एक स्वर असतो, इथे तो रचनेत पुरता मावतच नाही. आणि जगाच्या अखेरीनंतर याहूनही मोठं संगीत होईल, त्यात ही लेकरंही आयनूरांबरोबर गातील, असं म्हटलं आहे.

एक बारीक तपशील बहुतेकांच्या नजरेतून निसटतो. संगीत संपल्यावर एरू आयनूरांना त्याचं दृश्य रूप दाखवतो, त्यांनी जे गायलं तेच आता जग म्हणून उलगडताना दिसतं. पण ते दृश्य पूर्ण होण्याआधीच काढून घेतलं जातं. शेवटचा काळ त्यांना दिसत नाही. ज्यांनी ते संगीत स्वतः गायलं, त्यांनाही पुढचं ठाऊक नाही, आणि तरीही त्यांच्यापैकी बरेच जण त्या जगात उतरतात व कामाला लागतात, कारण तिथे अजून काहीच घडवलेलं नसतं.

आता तुमचे प्रश्न घेऊ.